किरा साल्वीचे ओठ

तार चुकत नाही, ही साळवे घराण्यात श्रद्धा होती. शिवराम साळवे यांनी एकतीस वर्षे पुण्याच्या तारघरात काढली. नऊ फेब्रुवारी एकोणीसशे त्र्याहत्तरच्या सकाळी, बायकोचा देह खडकीच्या घरात ठेवून, ते सायकलवरून त्याच तारघरात गेले आणि रोममधील मुलीच्या नावाची तार त्यांनी स्वतःच्या बोटांनी मुंबईला ठोकली. ती जवाबी तार होती. उत्तराची सोय आधीच करून ठेवलेली. उत्तर आले नाही. त्यांच्या मुलाने, वीस वर्षांच्या कृष्णकांतने, शुक्रवार सकाळपासून रविवार सकाळपर्यंत आईच्या देहाखालचा बर्फ बदलला, कारण वडील सांगत होते, "किशोरी निघाली असेल, म्हणून उत्तर नाही. देह हलवायचा नाही."

एक्कावन्न वर्षांनी, मस्कतच्या माबेला भागातल्या एका दुमजली घराच्या वरच्या मजल्यावर, त्याच तारखेला आणि योगायोगाने शुक्रवारीच, आईचा स्मृतिदिन पाळला जात होता, आणि ती किशोरी प्रथमच त्याला हजर होती. भिंतीशी बुद्धमूर्ती आणि बाबासाहेबांच्या तसबिरीशेजारी आईचा फोटो मांडला होता. वंदना झाली होती. पांढऱ्या साडीत, उजवा पाय पट्ट्यांत जखडून, किशोरी खुर्चीवर बसली होती, आणि घरातली सहाही माणसे एकाच गोष्टीची वाट पाहत असून तिचा उच्चार कुणी करत नव्हते. कृष्णकांत आणि त्याची बायको द्रौपदी हिवाळा मुलाकडे काढून रविवारी पुण्याला परतणार होती. किशोरीचा व्हिसा बुधवारी संपत होता. रविवारच्या विमानाचे तिसरे तिकीट काढायचे, की चौऱ्याहत्तर वर्षांच्या बाईला रोमच्या त्या रिकाम्या खोलीत परत धाडायचे, जिथे ती नोव्हेंबरात न्हाणीघरात पडून एकोणीस तास कुणाला सापडली नव्हती, हे आज संध्याकाळपर्यंत ठरायला हवे होते. खडकीचे घर कृष्णकांतचे होते. शब्दही त्याचाच चालणार होता.

"बोललास बाबांशी?" स्वयंपाकघरात पुऱ्या तळता तळता रचनाने नवऱ्याला विचारले.

"बोललो." क्षितिज खिरीचे पातेले उगाच ढवळत होता. "म्हणाले, उत्तर आलं की सांगतो."

"कसलं उत्तर?"

"तारेचं."

रचनाने झारा बाजूला ठेवला. "क्षितिज, एक्कावन्न वर्षं झाली."

"मग त्यांना सांग ना."

"मी सून आहे. तू सांग. आणि हे बघ, मी वाईट होते तर होऊ दे. तू गुरुवारी इब्राच्या साइटवरून येतोस, शनिवारी यल्ला, चला म्हणून निघतोस. मी सव्वासहाला घर सोडते, ट्रॅफिक असला तर रुवीला कामावर पोचायला दीड तास. उद्या बाबा नाही म्हणाले, आणि तुला आत्यांना रोमला पाठवणं जमलं नाही, आणि व्हिसा कसातरी वाढवलास, तर दिवसभर त्या इथे एकट्या. तिकडे एकोणीस तास पडून होत्या, इथे अकरा तास पडून राहतील. एवढाच फरक."

"मी असं म्हटलंय का, की—"

"तू म्हणत नाहीस. तू करतोस."

"पुऱ्या करपतायत," दिवाणखान्यातून द्रौपदीचा सपाट, गरजेपेक्षा मोठा आवाज आला. "अकरा तासांचं मागाहून बघा."

दोघेही ओशाळली. स्वयंपाकघराच्या काचेच्या खिडकीतून द्रौपदीला त्यांचे चेहरे पुरते दिसत होते, आणि तिला तेवढे पुरे होते. एकोणिसाव्या वर्षी विषमज्वरात तिची श्रवणशक्ती गेली. तिच्याशी लग्न करताना कृष्णकांतने घराला एकच नियम घालून दिला होता: बोलताना तोंड समोर. कुणी ओठांवर हात धरायचा नाही, कुणी पाठ फिरवून बोलायचे नाही. त्या नियमात क्षितिज वाढला. रचनाही लग्नानंतर वर्षभरात सरावली. लग्नमंडपाच्या दोन टोकांना बसून कृष्णकांत आणि द्रौपदी आवाजाविना तासन्‌तास बोलत, आणि नातेवाइकांना त्यात केवळ तिचेच कौशल्य दिसे.

जेवताना कृष्णकांतने बहिणीला त्या दिवशी प्रथमच संबोधले, पण तेही अशा रीतीने, की क्षितिजने मान खाली घातली.

"आपण खीर घेतली का?"

"घेतली, कृष्णा."

"आपल्याला आवडत असे, असं स्मरतं. आता तिकडची सवय."

"तिकडे खीर कोण करणार मला?"

"ते आपण ठरवलं होतं. आम्ही नव्हे."

"अहो," द्रौपदी म्हणाली, "आज आईंचा दिवस आहे."

"म्हणूनच तर विचारतोय. एकच प्रश्न आहे माझा. आल्यापासून बारा दिवस झाले, तोच विचारतोय. तार केव्हा मिळाली?"

किशोरीने चमचा वाटीत ठेवला. हे उत्तर तिने एकोणनव्वद साली पाच दिवसांच्या भेटीत दिले होते. त्याआधी पत्रात दिले होते. गेल्या बारा दिवसांत चारदा दिले होते. वारंवार उच्चारलेल्या वाक्याला जी गुळगुळीत झिलई चढते, ती त्याला चढली होती. "एकोणीस तारखेला. शूटिंग गावाबाहेर होतं, एका किल्ल्यात. खोलीवर परत आले तेव्हा दाराखाली सरकवलेली होती."

"बाबांनी ठोकलेली तार दहा दिवस दाराखाली."

"हो."

"बरं," कृष्णकांत म्हणाला, आणि पुरीचा तुकडा मोडला. त्या 'बरं'मध्ये खडकीचे दार लागल्याचा आवाज होता, आणि तो ऐकू न येणाऱ्या द्रौपदीलाही कळला.

ताण सुसह्य करण्याचा प्रयत्न ज्याला त्याची कल्पनाच नसते त्याच्याकडून होतो, आणि बहुधा तोच अनर्थाचा आरंभ असतो. क्षितिजची सोळा वर्षांची मुलगी देविका आतल्या खोलीतून एक जाड, चकचकीत खोका घेऊन आली. तुरीनच्या एका लहानशा संस्थेने किरा साल्वीचा, म्हणजे किशोरीचाच, एक चित्रपट नव्याने स्वच्छ करून काढला होता. त्याची प्रत आणि ऑक्टोबरातल्या महोत्सवाचे आमंत्रण गेल्याच आठवड्यात माबेलाच्या पत्त्यावर आले होते.

"आत्याआजी, आज हे बघूया ना? सगळे घरी आहेत. आजोबा पण."

"आज नको गं, बाळा. आजच्या दिवशी असलं भूतबीत."

"पण तू त्यात किती... म्हणजे... तू लेजंड आहेस! आजोबा, तुम्हाला माहितीये का? फिनलंडमध्ये एका माणसाने आत्याआजीचा टॅटू केलाय. दंडावर."

"कुठल्या प्रसंगाचा?" कृष्णकांतने विचारले.

"ती मरते तो."

"स्वाभाविक आहे."

किशोरीला हसू आले, आणि हसू आल्याचे नवलही वाटले. कृष्णाची जीभ लहानपणापासून अशीच होती. पुण्यात कारखाना उभारायला आलेल्या एका इटालियन इंजिनिअरची मुले सांभाळायला ती सत्तर साली रोमला गेली. पुढच्याच वर्षी एका बागेत त्या मुलांच्या मागे धावताना एका निर्मितीव्यवस्थापकाने तिला हेरले. 'साळवे' त्यांच्या जिभेला जड जाई. 'किरा साल्वी' झाले. सहा वर्षांत अकरा चित्रपट. ती इजिप्तची शापित राजकन्या होती, तुर्की विषकन्या होती, एका बेटावरची चेटकीण होती, दोनदा रक्तपिपासू वधू होती. भारतीय ती एकदाही नव्हती, कारण भारतीय बाईला कोण भिणार, असे दिग्दर्शकाने तिला मोकळेपणी सांगितले होते. अकरांपैकी नऊ चित्रपटांत ती मेली, तीनदा जळून. मग तसल्या चित्रपटांची लाट ओसरली आणि उरलेले आयुष्य तिने एका दंतवैद्याच्या दवाखान्यात रुग्णांच्या वेळा नोंदवण्यात घालवले. ज्या काळाची तिला थोडी लाज आणि गुपचूप थोडा अभिमान वाटत होता, त्याच काळासाठी आता अनोळखी तरुण तिला पत्रे लिहीत होते. आपल्या माणसांनी मात्र त्यातली एक चौकटही पाहिली नव्हती.

त्या गुपचूप अभिमानानेच घात केला.

"यात तुझा आवाज इतका डीप कसा आहे?" देविकाने विचारले. "आता तर असा नाहीये."

"तो माझा नाहीच. त्या काळी तिथे शूटिंगला आवाज घेतच नसत. कॅमेरा घरघरतोय, दिग्दर्शक ओरडतोय, सुतार खिळे ठोकतायत. आवाज सगळ्यांचे नंतर भरायचे. माझा एक जाडी बाई भरायची. सिगारेट ओढत ओढत."

"मग शूटिंगच्या वेळी तुम्ही काय बोलायचात?"

"ज्याला जे येईल ते. जर्मन जर्मनमध्ये बोले, स्पॅनिश स्पॅनिशमध्ये. एक म्हातारा इंग्रज होता, त्याला पाठांतर व्हायचं नाही. तो आकडे मोजायचा. दिग्दर्शक सांगे, बासष्टपर्यंत मोज आणि मग घाबर."

क्षितिज खो खो हसला. रचनाही हसली. कृष्णकांतच्या मिशीखाली काहीतरी हलले.

"आणि तू?"

"मी मराठीत," किशोरी म्हणाली, आणि शब्द तोंडातून सुटल्यावर तिला दिसले की आपण कुठे येऊन उभ्या आहोत.

 देविकाने आजीचा दंड धरून तिला आपल्याकडे वळवले आणि प्रत्येक शब्द तोडून म्हणाली, "आजी! आत्याआजी पिक्चरमध्ये मराठी बोलते. आवाज दुसरीचा आहे. पण लिप्स... ओठ तिचेच आहेत. तू वाचू शकतेस! अख्ख्या जगात फक्त तू!"

"नको," किशोरी म्हणाली. "देविका, नको. माझं डोकं दुखतंय."

"फक्त दोन सीन, प्लीज. आणि त्यांनी यात पुस्तक पण दिलंय, शूटिंगच्या रोजच्या कागदांचे फोटो." ती पाने उलटू लागली. "हा बघ फेमस सीन. शवपेटी. सोमवार, बारा फेब्रुवारी, नाइन्टीन सेव्हन्टी-थ्री."

 खाली घरमालकीण सफिया अंगणात पाणी मारत होती, तेवढा आवाज येत होता. कृष्णकांतने हात पुढे केला, पुस्तिका घेतली, चष्मा लावला, आणि एखादा दस्तऐवज तपासावा तसा तो छापील कागद वरपासून खालपर्यंत पाहिला. शुक्रवार, शनिवार, रविवार. मग सोमवार.

"लाव," तो नातीला म्हणाला. "आवाज बंद ठेव. तुझी आजी वाचेल."

"बाबा, आत्याला नकोय तर—" क्षितिज म्हणाला.

"का नको असावं? एकोणीस तारखेपर्यंत तार मिळाली नव्हती ना? मग बारा तारखेला त्या काय बोलल्या, ते ऐकायला भीती कसली?"

रचनाने नवऱ्याकडे पाहिले. सकाळी ती या तिकिटाच्या बाजूने होती ती स्वतःच्या सोयीसाठी. आता खुर्चीच्या हातावर किशोरीची पांढरी पडलेली बोटे पाहून ती दुसऱ्याच कारणाने त्या बाजूला गेली. "बाबा, संध्याकाळी बघू. आत्यांची गोळीची वेळ झाली."

"गोळी इथे आणून दे," कृष्णकांत म्हणाला.

द्रौपदी पडद्यासमोरच्या स्टुलावर बसली. काय चालले आहे याचा तिला अर्धाच पत्ता होता, कारण शेवटची वाक्ये नवऱ्याने पुस्तिकेकडे पाहून उच्चारली होती. तिला एवढे ठाऊक होते, की या नणंदेने तिला चाळीस वर्षे पत्रे लिहिली. फोन तिच्या उपयोगाचा नव्हता. घरातल्या प्रत्येक बातमीसाठी तिला कुणाच्या तरी तोंडाकडे पाहावे लागे. महिन्याकाठी येणारे रोमचे पाकीट तेवढे तिला कुणाच्या मध्यस्थीशिवाय मिळे. त्या पत्रांतून ती त्या बाईला ओळखत होती, नवऱ्यापेक्षा कदाचित अधिक.

पडद्यावर लाल भिंतींचा मठ आला, सात मेणबत्त्या आल्या, आणि काळ्या झग्यात केस मोकळे सोडलेली तेवीस वर्षांची किशोरी आली. तिने हात वर केले. खाली इंग्रजी अक्षरे उमटली: रात्रीच्या शक्तींनो, जाग्या व्हा.

"खडकी," द्रौपदी मोठ्याने वाचू लागली. "दापोडी. कासारवाडी. पिंपरी. चिंचवड. आकुर्डी." ती थांबली. "लोणावळ्यापर्यंत गेली."

देविका गालिच्यावर लोळून हसली. पुढच्या प्रसंगात दोन मठवासी किरा साल्वीला ओढत नेत होते आणि ती किंचाळत होती. "अरे गाढवा, पाय सोड," द्रौपदीने वाचले. "घोटा मुरगळला माझा. तुझ्या आईला... पुढचं नाही वाचत." क्षितिजने डोळे पुसले. क्षणभर घरात खरोखरच एखाद्या सुट्टीच्या दुपारसारखे वातावरण झाले. फक्त खुर्चीवरची बाई आणि सोफ्यावरचा पुरुष, ही दोघे हसत नव्हती.

मग शवपेटी आली.

कॅमेरा संथपणे किरा साल्वीच्या चेहऱ्याजवळ गेला आणि तिथेच राहिला. पुस्तिकेत या प्रसंगावर स्वतंत्र लेख होता: पावणेतीन मिनिटांचे एकसंध चित्रण, सैतानाच्या आवाहनाचा त्या जातीच्या चित्रपटांतला सर्वांत भयावह नमुना. खालची अक्षरे अंधाराच्या स्वामीला बोलावत होती. द्रौपदीने अक्षरे सोडून दिली आणि ओठांकडे पाहिले.

आई, ते ओठ म्हणत होते. आई, तार शनिवारीच आली. बाबांनीच ठोकली असेल. मी येणार नाही. आले तर मला परत सोडणार नाहीत, कृष्णा सोडणार नाही, आणि मला इथेच राहायचंय. मी त्यांना सांगेन तार उशिरा मिळाली. तुला खोटं सांगत नाही. तू रागाव. तू तरी रागाव. इथे चेहरा एकदा मोडला, पेटीच्या कडेला हात टेकले गेले, पलीकडून कुणीतरी काही ओरडले असावे कारण डोळे क्षणभर बाजूला गेले आणि परत आले. मग ओठ पुन्हा हलू लागले, सावकाश, एका लयीत, आणि द्रौपदीला ते शब्द वाचावेही लागले नाहीत. तेच शब्द सकाळी या घरात सर्वांनी हात जोडून म्हटले होते. त्रिसरण. एकदा, दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा. इटलीतल्या एका किल्ल्यात, लाकडी पेटीसमोर, काळ्या झग्यात, या मुलीने आईला एकटीने निरोप दिला होता आणि जगाने तो सैतानाचा मंत्र म्हणून जपून ठेवला होता.

पडद्यावर अंधार झाला. मागे वळल्यावर चार तोंडे काय विचारतील ते द्रौपदीला न पाहताही कळत होते. खरे सांगितले तर रविवारचे तिसरे तिकीट निघणार नव्हते. तिने घराचा नियम अठ्ठेचाळीस वर्षे उपभोगला होता. या घरात तिच्यापासून काही लपवले जात नव्हते. आता लपवणारी ती होणार होती.

"काय म्हणते, आजी? काय?" देविका तिच्यासमोर येऊन बसली.

"पाढा."

"पाढा म्हणजे... टेबल्स? एवढं रडून?"

"एकोणतीसचा," द्रौपदी म्हणाली. "तो म्हणताना कुणालाही रडू येईल."

देविका हिरमुसली. रचनाने श्वास सोडला. क्षितिजने लगेच, जरा अतिउत्साहाने, टाळी वाजवली. "झालं! खलास. बाबा, एकोणतीसचा पाढा म्हणत होती आत्या. आता मी तिकिटाचं—"

"थांब."

कृष्णकांत उठला. त्याने दूरचित्रवाणी बंद केली आणि तो बहिणीच्या खुर्चीसमोर, बायकोकडे पाठ करून, उभा राहिला. नियम त्याने घालून दिला होता आणि आजवर मोडला नव्हता. मंडपाच्या दुसऱ्या टोकाला बसून बायकोशी जो बोलतो, त्याला तिचे उत्तर वाचावेच लागते, ही साधी गोष्ट अठ्ठेचाळीस वर्षांत कुणाच्या लक्षात आली नव्हती. पडद्यावरचे ओठ त्यानेही वाचले होते. शनिवार वाचला होता. 'कृष्णा सोडणार नाही' वाचले होते. त्रिसरणापाशी त्याला चष्मा काढावा लागला होता.

पन्नास वर्षे ज्या पुराव्याची वाट पाहिली तो हाती आल्यावर विजयाची जी भावना व्हायला हवी होती, ती शोधूनही त्याला सापडेना. गप्प बसावे, द्रौपदीचे खोटे मान्य करावे, असेही त्याला वाटून गेले. त्यात उदारपणा होता. पण तो तारवाल्याचा मुलगा होता. तार ज्याच्या नावाची असते, उत्तरही त्याच्याच हातून यावे लागते. वाटेत कुणी तिसऱ्याने फोडून वाचलेले चालत नाही.

"शेवटचं विचारतो," तो म्हणाला. "आपल्याला तार केव्हा मिळाली?"

किशोरीने वर पाहिले. त्याच्या खांद्यापलीकडे द्रौपदी स्टुलावरून अर्धवट उठली होती. तिला प्रश्न दिसला नव्हता, पण कळला होता; कारण ती ओठांनी, आवाज न काढता, ठळकपणे सांगत होती: एकोणीस. एकोणीस. कॅमेऱ्यामागून कुणी शब्द पुरवावा तसे. किशोरीला ओठ वाचता येत नव्हते, तरी हे आले. एवढे उच्चारले की खडकी. मधली खोली, तुळशीबागेतून आणलेला जुना आरसा अजून असला तर तो, आणि रात्री पडलीच तर धावून येणारी ही बाई.

तिने पट्ट्यांतला पाय हाताने धरला. 

"शनिवारी," ती म्हणाली.

द्रौपदी मटकन खाली बसली. "आत्या," क्षितिज म्हणाला.

"माहीत आहे," कृष्णकांत म्हणाला. "एकोणतीसचा पाढा तुला कधीच आला नाही. बाबा शिकवून थकले."

"तू... तुला दिसलं?"

"मलाही वाचता येतं. शनिवारी किती वाजता?"

"चार वाजले असतील. ऊन होतं."

"आमच्याकडे साडेआठ. बाबा तारघरातून उठायला तयार नव्हते. उत्तर का दिलं नाहीस? 'येत नाही' एवढं. आम्ही आईला मोकळं केलं असतं."

"फॉर्म समोर होता, कृष्णा. दोन शब्द. तासभर बसले. लिहिता नाही आलं. मग सोमवारी त्या पेटीसमोर उभं केलं, आत एक इटालियन बाई श्वास धरून पडलेली, आणि दिग्दर्शक म्हणाला, बोल काहीतरी, आवाज कुणी घेत नाहीये." ती थांबली. "आले असते तर सोडलं असतंस मला परत?"

 खोटे बोलण्याची मुभा आज दुसऱ्या कुणी घेतली होती, म्हणून काही ती कृष्णकांतलाही मिळत नव्हती. "बाबांनी सोडलं असतं," तो म्हणाला. "मी नसतं सोडलं. मी तुझा पासपोर्ट चुलीत घातला असता."

"मला माहीत होतं."

"हो. तेही वाचलं."

"अहो!" द्रौपदीचा आवाज मागून आला, सपाट आणि भेदरलेला. "काय चाललंय? इकडे तोंड करा. मला काही दिसत नाहीये."

तो वळला नाही. त्याचा चेहरा या क्षणी बायकोने वाचण्याजोगा नव्हता. दोन पावले चालून तो खिडकीशी गेला आणि बाहेर बघत, खर्जात, मुलाला म्हणाला, "रविवारचं तिसरं तिकीट बघ. आमच्याच रांगेत. मधल्या वाटेकडची जागा घे. ताईला पाय लांब ठेवावा लागतो." आणि मग, जणू हिशेब अपुरा राहू नये म्हणून: "तो बर्फ मी विसरणार नाही. ते तिलाही माहीत असू दे."

"माहीत आहे," किशोरी म्हणाली.

"काय म्हणाले?" द्रौपदी एकेकाच्या तोंडाकडे पाहत होती. क्षितिज रडत होता, त्यामुळे त्याचे ओठ निरुपयोगी होते. देविकाने दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतले होते; या घरात ते कुणी करत नसे. "कुणीतरी सांगा. रोम का? रोमच ना?"

किशोरीने खुर्चीचे हात धरले आणि पायाची कळ सोसत स्वतःला तिच्याकडे वळवले. आवाजाची गरज नव्हती. तोंड समोर धरून तिने दोनच शब्द ओठांवर आणले.

"मी येते," द्रौपदीने आपल्या सपाट, मोठ्या आवाजात सर्वांसाठी वाचले. मग अर्थ पोचल्यावर तिने ते पुन्हा वाचले, खिडकीतल्या पाठीकडे पाहून, अधिक मोठ्याने. "अहो, मी येते म्हणतायत."